ताकामिने हिदेको: पाचव्या वर्षी कॅमेऱ्यासमोर, पंचावन्नाव्या वर्षी निवृत्त

ओवी

जपानी सिनेमाचा विषय निघाला की कुणीतरी हारा सेत्सुकोचं नाव काढतंच. दिग्दर्शक ओझुच्या सिनेमांतली ती हसरी मुलगी, ओझु १९६३ च्या डिसेंबरात गेला आणि तीही सगळं सोडून कामाकुराला जाऊन राहिली, मुलाखत नाही, फोटो नाही, २०१५ मधे ती गेली तेव्हा बातमीसुद्धा दोन-अडीच महिन्यांनी बाहेर आली. सोडून गेलेल्या नटीभोवती आपोआप एक वलय तयार होतं आणि ते तिला शोभतंही, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. पण मला तिच्याच काळातल्या, तिच्याइतक्याच मोठ्या आणि पन्नास वर्षं काम करत राहिलेल्या बाईबद्दल लिहायचंय. ताकामिने हिदेको. आपल्याकडे तिचे सिनेमे बघितलेले लोक आहेत, पण नाव पटकन कुणाला आठवत नाही.

जन्म २७ मार्च १९२४, होक्काइदोमधल्या हाकोदातेचा. आई क्षयाने गेली तेव्हा ही चार वर्षांची. मग आत्याने दत्तक घेतलं आणि तोक्योला आणलं. ही आत्या स्वतः मूकपटांच्या वेळी पडद्याशेजारी उभं राहून गोष्ट सांगणाऱ्यांपैकी होती, बेन्शी म्हणतात त्यांना, आणि ताकामिने हिदेको हे मुळात त्या आत्याचं व्यवसायातलं नाव होतं. म्हणजे पोरीला नावसुद्धा कामाचंच मिळालं.

१९२९ मधे शोचिकु कंपनीच्या कामाता स्टुडिओत एका सिनेमासाठी लहान मुलगी निवडायची होती. पोरी नटूनथटून रांगेत उभ्या, आणि ही दत्तक वडिलांच्या पाठीवर बसून नुसती बघायला गेलेली. त्यांनी तिला रांगेच्या शेवटी नेऊन उभं केलं आणि दिग्दर्शकाने नेमकी तीच उचलली. तिथून जे सुरू झालं ते १९७९ पर्यंत, मधे म्हणावी अशी सुट्टी एकदाच. बालकलाकार म्हणून मुलींचीही कामं केली आणि केस कापून मुलग्यांचीही. १९३१ च्या ओझुच्या मूकपटात (तोक्यो नो कोरसु) बेकार झालेल्या कारकुनाची मुलगी आहे ती. घरात तिच्या पैशावर जगणारी माणसं वाढत गेली आणि शाळा मात्र झालीच नाही. पुढे मोठी झाल्यावर एका शाळेत नाव घातलं, पण शूटिंगमुळे महिन्यातून मोजकेच दिवस जाणं व्हायचं, शेवटी शाळा की काम यातलं एक निवडा असं सांगण्यात आलं आणि अर्थातच काम निवडलं गेलं. अक्षरओळख चित्रांच्या पुस्तकांवरून झाली असं ती सांगायची. हीच बाई पुढे जपानमधली नावाजलेली लेखिका झाली, त्यावर खाली कुणीतरी लिहाच.

बालतारका सहसा बारा-तेराव्या वर्षी संपतात. ही नाही संपली. १९३७ मधे ती पी.सी.एल. मधे गेली, तीच कंपनी पुढे तोहो झाली. १९३८ मधे यामामोतो काजिरोच्या 'त्सुझुरिकाता क्योशित्सु'मधे एका गरीब पत्रेवाल्याची निबंध लिहिणारी मुलगी, आणि १९४१ मधे त्याच दिग्दर्शकाचा 'उमा', म्हणजे घोडा, ज्यात तोहोकुच्या खेड्यातली मुलगी शिंगरू वाढवते आणि शेवटी ते सैन्याला विकावं लागतं. हा सिनेमा चारही ऋतूंत शूट झालाय आणि प्रत्येक ऋतूला वेगळा कॅमेरामन आहे! त्यात सहाय्यक दिग्दर्शक होता तरुण कुरोसावा. युद्धाच्या काळात तिचे फोटो सैनिकांच्या खिशात असायचे, आणि ऑगस्ट १९४५ मधे ती एका युद्धपटाच्याच शूटिंगवर होती, युद्ध संपलं आणि तो सिनेमा तिथेच पडला. त्यानंतर थोड्याच दिवसांत ती अमेरिकन सैनिकांसमोर गाणी म्हणत होती. ज्यांच्याशी लढायला गेलेल्या पोरांना हिने हात हलवून निरोप दिले त्यांच्याचसमोर. या गोष्टीचं तिला आयुष्यभर ओझं वाटलं आणि तिने त्याबद्दल मोकळेपणाने लिहिलंय.

आता माझा खरा मुद्दा. मला वाटतं ताकामिने ही *काम करणाऱ्या बाईची* नटी आहे. हारा सेत्सुकोच्या बहुतेक भूमिकांत प्रश्न असतो लग्न कधी करणार. ताकामिनेच्या भूमिकांत प्रश्न असतो महिनाअखेरीला पैसे कुठून येणार. बस कंडक्टर, शाळामास्तरीण, शिवणकाम करणारी, किराणा दुकान चालवणारी विधवा, गिन्झामधल्या बारची मालकीण (खरं तर मालकीणही नाही, दुसऱ्याच्या पैशावर बार चालवणारी 'मामा'), दीपगृहाच्या रखवालदाराची बायको. आणि हे सगळं ती करते तेव्हा हाताला सवय असल्यासारखं करते. दिग्दर्शक नारुसे मिकिओचा १९५६ चा 'नागारेरु' बघा. गेशांचं बुडत चाललेलं घर, आई यामादा इसुझु, मोलकरीण तानाका किनुयो, म्हणजे एकाहून एक दिग्गज बायका, आणि ताकामिने त्या घरातली मुलगी जिला गेशा व्हायचं नाही. खाली आई शामिसेनचा (तीन तारांचं वाद्य) रियाज करतेय आणि ही शिवणयंत्र शिकतेय. संवाद नाही, काही नाही, फक्त यंत्राचा आवाज आणि तिची खाली गेलेली मान. त्या घराचं पुढे काय होणार ते आपल्याला माहीत असतं, त्या मुलीला अर्धवट माहीत असतं, आणि ती शिवत राहते.

याच नारुसे मिकिओबरोबर तिने सतरा सिनेमे केले. पहिला १९४१ चा 'हिदेको नो शाशो-सान', शेवटचा १९६६ चा 'हिकिनिगे'. पंचवीस वर्षं एक दिग्दर्शक आणि एक नटी, ती सतरा वर्षांची असल्यापासून बेचाळीस वर्षांची होईपर्यंत. जगात असं दुसरं किती ठिकाणी झालंय?

आणि दुसरी गोष्ट म्हणजे १९५१. त्या वर्षी जपानचा पहिला रंगीत कथापट आला, किनोशिता केइसुकेचा 'कारुमेन कोक्यो नि काएरु'. आसामा ज्वालामुखीच्या पायथ्याशी शूटिंग, ही तोक्योहून गावी परत आलेली नाचणारी. रंगाची फिल्म नवी, भरवसा नव्हता, म्हणून सगळा सिनेमा रंगीत आणि कृष्णधवल असा दोनदा शूट केला, म्हणजे प्रत्येक प्रसंग दोन वेळा करायचा. आणि हे संपवून बाई सरळ पॅरिसला निघून गेली, सहाएक महिने. तीच ती एकमेव सुट्टी. परत आल्यावर तिने कुठल्याही कंपनीशी करार केला नाही. हे किती मोठं होतं ते कळायला एक गोष्ट लक्षात घ्यावी लागते, १९५३ मधे पाच मोठ्या कंपन्यांनी आपापसात ठरवलं की एकमेकांचे नट-दिग्दर्शक पळवायचे नाहीत, त्यामुळे बाकीचे कलाकार आपापल्या कंपनीत अडकले. ही मोकळी होती. म्हणून १९५४ मधे शोचिकुकडे 'चोवीस डोळे' (निजुशि नो हितोमि, एक मास्तरीण आणि तिचे बारा विद्यार्थी) आणि लगेच १९५५ मधे तोहोकडे 'उकिगुमो', तरंगते ढग. दोन्ही आपापल्या वर्षी किनेमा जुम्पो या सिनेमाविषयक नियतकालिकाच्या यादीत पहिले. १९५४ च्या यादीत तिसरा कोण होता माहितीये? सात सामुराई. दुसरा परत किनोशिताचाच 'ओन्ना नो सोनो' आणि त्यातही ही आहेच.

अजून खूप आहे पण आधी तुम्ही काय काय बघितलंय ते सांगा. मला जपानी येत नाही, सबटायटल्सवर बघते, त्यामुळे भाषेच्या अंगाने कुणी लिहू शकलं तर फारच बरं.

विन्या

वाह, छान धागा. चोवीस डोळे पुण्यात फिल्म क्लबमधे बघितला होता. दिवे लागल्यावर कुणी उठेचना. तो आंधळा होऊन परत आलेला मुलगा जुन्या फोटोवर बोट फिरवत सांगतो ना, ही अमकी, हा तमका, तेव्हा माझ्या शेजारचे काका चक्क हुंदके देत होते.

एक प्रश्न आहे, त्यात मुलं आधी पहिलीत असतात मग सहावीत, आणि चेहरे इतके जुळतात की मला वाटलं पाच वर्षं थांबून शूट केलं की काय. कसं केलं असेल?

ओवी

विन्या, भावंडं! किनोशिताने एकमेकांसारखी दिसणारी भावंडांची जोडी शोधली, धाकटं लहानपणीच्या भूमिकेत आणि थोरलं मोठेपणीच्या. बाराच्या बारा मुलांसाठी. म्हणून तो फोटोचा प्रसंग इतका लागतो, आपल्यालाही ते चेहरे पाठ झालेले असतात.

तोक्योकर

मी इकडे बरीच वर्षं आहे आणि शोदोशिमाला, म्हणजे 'चोवीस डोळे' जिथे घडतो त्या बेटावर, जाऊन आलोय त्यामुळे लिहितो. ताकामात्सुवरून फेरी असते, तासाभरात बेटावर पोचता. तोनोशो बंदरात उतरल्या उतरल्या समोर ओइशी बाई (सिनेमातली ती मास्तरीण) आणि बारा मुलांचा पुतळा आहे, १९५६ मधे बसवलेला, म्हणजे सिनेमा आल्यावर दोनच वर्षांत! बेटावर ऑलिव्ह आणि सोया सॉस हे दोन मोठे उद्योग, सोया सॉसच्या जुन्या कोठारांवरून गेलं की वासावरूनच कळतं.

तानोउरा नावाच्या टोकाला खाडीच्या पलीकडे ती छोटी लाकडी शाळा अजून आहे. ती खरीखुरी शाळा होती, १९७१ पर्यंत चालू होती. लहान लहान बाकं, फळा, बाजेची पेटी. तिथून थोडं पुढे सिनेमाचं गाव म्हणून जे पर्यटनस्थळ आहे ते मात्र १९८७ मधे हाच सिनेमा दुसऱ्यांदा केला त्याचा सेट आहे, बरेच लोक दोन्हींत गल्लत करतात. खऱ्या शाळेत गर्दी कमी असते, तिथे नक्की थांबा.

आणि तिथे उभं राहिलं की सिनेमातली एक गोष्ट नीट समजते. खाडी अशी आत वळलेली आहे की पलीकडचं गाव समोर दिसतं, पण रस्त्याने जायचं तर भलताच वळसा. मुलांनी केलेल्या खड्ड्यात पडून बाईंचा पाय दुखावतो आणि मग ती पहिलीतली पोरं आईबापांना न सांगता चालत बाईंच्या घरी निघतात, रडत रडत. ते अंतर आठ किलोमीटरचं आहे. मी ते गाडीने गेलो आणि तरी वाटलं की एवढं चालली?

भाषेबद्दल विचारलंत म्हणून, ताकामिनेची जपानी फार स्वच्छ आहे. शब्दांची टोकं खात नाही ती. उकिगुमोत मात्र मुद्दाम आवाज खाली, ओढल्यासारखा, कंटाळलेला ठेवलाय. नायकाला, मोरि मासायुकीला, "आपण कुठे चाललोय" असं ती ज्या स्वरात परत परत विचारते त्यावरून कळतं की उत्तराची अपेक्षाच नाहीये.

खारीक

थोडा वेगळा सूर लावतो, राग मानू नका. नारुसेचे दोन-तीन सिनेमे बघितले आणि थांबलो. बाई सोसते, पुरुष फालतू असतात, पाऊस पडतो, बाई आणखी सोसते, संपलं. उकिगुमोमधे तर ती त्या माणसाच्या मागे इंडोचायनापासून पार याकुशिमा बेटापर्यंत जाते आणि तिथे मरते. अरे का? तो माणूस मधल्या काळात दुसऱ्याच बाईच्या नादी लागतो! अभिनय उत्तम आहे हे मान्यच, पण इतक्या ताकदीच्या नटीला सतत हरायलाच का लावायचं? ओवी म्हणतात तशी ती काम करणाऱ्या बाईची नटी असेल तर तिला एकदा तरी जिंकताना बघू दे की.

ओवी

खारीक, राग कसला, हा प्रश्न मलाही पडलाय. उकिगुमोबद्दल आधी सांगते. तिने ती भूमिका नाकारली होती. एवढी मोठी प्रेमकथा मला झेपणार नाही म्हणून तिने अख्खी पटकथा स्वतःच्या आवाजात टेपवर वाचून पाठवली, की बघा किती वाईट वाचतेय. तिकडे लोकांना वाटलं बाई केवढ्या उत्साहात आहे, तयारी सुरूसुद्धा केली! तिच्या लग्नाचं घाटत होतं तेव्हाच हे चाललेलं.

पण जिंकणं-हरणं या मापाने नारुसे बघू नका असं मी म्हणेन. त्याच्या सिनेमांत पैशाचे आकडे सतत येतात, कोण कुणाला किती देणं लागतो, भाडं किती, अंड्याचा भाव काय. आणि ताकामिनेला हे करून दाखवावं लागत नाही. पाचव्या वर्षापासून तिच्या कमाईवर घर चाललंय, दत्तक आईशी तिचं पैशावरूनच कायम वाजायचं, आपण घरातली माणूस आहोत की घरातलं उत्पन्न आहोत हा प्रश्न तिने लहानपणीच पाहिलेला.

'ओन्ना गा काइदान ओ आगारु तोकि' (१९६०) बघितलात का? नसेल तर तो बघा, मग बोलू. केइको गिन्झामधल्या एका बारची मामा, तिशीची विधवा. बार जिन्यावरती. रोज संध्याकाळी तो जिना चढायचा आणि तिला तो अगदी नको असतो, पण वर पोचली की त्या दिवसाला तोंड देते. घरी आई आणि भाऊ, दोघांचे हात सतत पुढे, भावाच्या मुलाला पोलिओ त्याचं ऑपरेशन, भावाच्या मानेवर कोर्टाचं झेंगट. पोटात अल्सर. आणि यातच एक साधा, गोलमटोल, प्रामाणिक दिसणारा गिऱ्हाईक लग्नाचं विचारतो, ती हो म्हणते. मग कळतं तो विवाहित आहे, असंच थापा मारत फिरतो. ती त्याच्या बायकोला भेटायला गावाबाहेरच्या वस्तीत जाते. मोकळं पटांगण, धुरांडी, त्याची बायको दमलेली, आणि पोरगं तिचाकी सायकलला पत्र्याचे डबे बांधून खडखडत गोल गोल फिरतंय. आता इथे दुसरी नटी रडली असती. ताकामिने त्या बायकोशी अदबीने बोलते. चेहऱ्यावर अपमान आहे, पण त्याच्यावर तिने लगेच सभ्यपणा ओढून घेतलाय, आणि त्या बायकोची दयाही येतेय, हे तिन्ही एकदम दिसतं. आवाज फक्त त्या डब्यांचा.

त्या सिनेमातले केइकोचे किमोनो तिने स्वतः निवडलेत, श्रेयनामावलीत वेशभूषा म्हणून तिचंच नाव आहे. बारच्या मामाला किमोनो म्हणजे भांडवल असतं, हे ठाऊक असल्याशिवाय अशी निवड होत नाही. शेवटी ती परत जिना चढते आणि वर जाऊन हसत गिऱ्हाइकांचं स्वागत करते. याला हरणं म्हणायचं का? मला नाही वाटत.

आणि तिला आक्रमक बघायचं असेल तर १९५७ चा 'आराकुरे'. तैशो काळातली, म्हणजे विसाव्या शतकाच्या सुरुवातीची गोष्ट, शिवणकामाचं दुकान काढते, नवऱ्याला भरचौकात नाही पण घरात पाण्याच्या पाइपने भिजवून काढते.

सांजवात

मी वयाने तुम्हा सगळ्यांपेक्षा मोठी असेन. मला तिचा सगळ्यात आवडतो तो 'मिदारेरु', १९६४. याच कामासाठी तिला लोकार्नोच्या महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं बक्षीस होतं. ज्यांनी बघितला नाही त्यांनी हा प्रतिसाद पुढे वाचू नका, शेवट सांगणार आहे.

रेइको लग्न होऊन आली, नवरा लगेच युद्धात गेला तो गेलाच. बॉम्बहल्ल्यात उद्ध्वस्त झालेलं सासरचं दुकान हिने एकटीने उभं केलं, अठरा वर्षं चालवलं. आता गावात सुपरमार्केट आलंय, भोंगा लावून गाडी फिरते, अंडी यांच्या निम्म्या भावात. नणंदांना वाटतं हिचं दुसरं लग्न लावून द्यावं म्हणजे दुकानाच्या जागेवर मोठं दुकान काढता येईल. हिच्या अठरा वर्षांचा हिशोब कुणाच्याच वहीत नाही. आणि धाकटा दीर, जो हिच्या डोळ्यांसमोर वाढला, तो सांगतो की माझं तुझ्यावर प्रेम आहे.

ती घर सोडून माहेरी निघते, तो गाडीत येऊन बसतो. तो आगगाडीचा प्रवास मी किती वेळा बघितला असेल. आधी तो लांब उभा, मग दुसरीकडे जागा मिळते, मग जरा जवळ, आणि प्रत्येक स्टेशनानंतर थोडा थोडा जवळ सरकत शेवटी समोर येऊन बसतो. संत्री खातात. ती हसते. मग तो झोपलेला असताना त्याच्याकडे बघता बघता तिला रडू येतं आणि म्हणते पुढच्या स्टेशनावर उतरू या. आपल्या घरांमधे दीर-भावजयीच्या नात्याचं जे काही असतं ते माहीत असलेल्या माणसाला या वीस मिनिटांत श्वास घेणं अवघड जातं.

मग गिन्झान ओन्सेन, डोंगरातलं गरम पाण्याच्या झऱ्यांचं गाव. तिने त्याच्या बोटात कागदाची पिळलेली दोरी अंगठीसारखी बांधलेली असते. सकाळी खिडकीतून दिसतं की कुणाला तरी स्ट्रेचरवरून नेतायत, लोंबणाऱ्या हाताच्या बोटाला ती दोरी. ती धावत सुटते. केस विस्कटलेले, आणि मग एकदम थांबते आणि कॅमेरा चेहऱ्यावर. आणि तिथेच सिनेमा संपतो. कुठलाही खुलासा नाही. त्या चेहऱ्यावर पश्चात्ताप आहे की नुसतं रितेपण, यावर आमच्या ह्यांच्याशी माझा वाद झालेला. मला तिथे एक सुटकासुद्धा दिसते आणि ती दिसते म्हणून तिला स्वतःची भीती वाटतेय असं वाटतं.

विन्या

सांजवात, शेवट वाचला तरी बघणारच आहे. आज रात्रीच.

गोदाकाठ

कुरोसावाचं आणि तिचं काय होतं नक्की? कुठेतरी वाचलेलं.

तोक्योकर

'उमा'च्या वेळी दोघं एकमेकांच्या प्रेमात पडले होते, ती सतरा वर्षांची आणि तो तिशीचा. दत्तक आईने मोडता घातला, पेपरात बातम्या आल्या, संपलं. तिने स्वतः आत्मचरित्रात लिहिलंय त्यामुळे गॉसिप नाही. पण माझ्या मते त्यात महत्त्वाचं हे की त्या मुलीला कुणी विचारलंच नाही. पुढे कुरोसावाने एकट्याने दिग्दर्शित केलेल्या एकाही सिनेमात ती नाही, याची हळहळ मला नेहमी वाटते.

लग्न केलं ते १९५५ मधे मात्सुयामा झेन्झोशी, किनोशिताचा सहाय्यक, 'चोवीस डोळे'च्या शूटिंगवर ओळख झालेली. ती देशातली सगळ्यात मोठी तारका आणि तो तळातला सहाय्यक. लग्नानंतर नट्यांनी घरी बसायचा तो काळ, आणि हिचं ठरलेलं होतं की काम चालूच ठेवायचं. तो पुढे नावाजलेला पटकथाकार झाला, दिग्दर्शकही. त्याने दिग्दर्शित केलेल्या १९६१ च्या 'ना मो नाकु माझुशिकु उत्सुकुशिकु'मधे ती मूकबधिर बाई आहे. आगगाडीच्या दोन डब्यांत अडकलेले नवरा-बायको काचेतून खुणांनी बोलतात तो प्रसंग बघाच. स्वच्छ उच्चारांची बाई म्हणून जिचं मी वर कौतुक केलं तिने आवाजाशिवाय केलेलं हे काम.

रेवाक्का

सगळे पन्नाशीच्या दशकावरच लिहितायत म्हणून नंतरच्या दोन सिनेमांबद्दल सांगते, दोन्ही आरियोशी सावाकोच्या कादंबऱ्यांवरचे.

१९६७ चा 'हानाओका सेइशु नो त्सुमा', दिग्दर्शक मासुमुरा. हानाओका सेइशु हा खरा वैद्य, १८०४ मधे त्याने धोत्रा वगैरे वनस्पतींच्या औषधाने भूल देऊन स्तनाच्या गाठीचं ऑपरेशन केलं. ते औषध माणसावर तपासायचं तर कुणावर? त्याची आई आणि बायको दोघी पुढे येतात, माझ्यावर कर, नाही माझ्यावर. वरवर त्याग, आतून सासू-सुनेची घनघोर लढाई. सून वाकाओ आयाको, शेवटी आंधळी होते. आणि सासू ताकामिने. त्रेचाळीस वर्षांची नायिका, सुनेच्या भूमिकेतल्या नटीपेक्षा फार तर नऊ-दहा वर्षांनी मोठी, आणि सरळ सासूची भूमिका घेते. आवाज चढवत नाही, सतत गोड हसते, आणि तुम्हाला घाम फुटतो.

दुसरा १९७३ चा 'कोकोत्सु नो हितो'. म्हातारपणातल्या विस्मरणावरचा. सासरा पोटच्या मुलांना ओळखत नाही, ज्या सुनेला आयुष्यभर टोचून बोलला तिलाच फक्त ओळखतो आणि तिलाच धरून असतो. मोरिशिगे हिसाया साठीचासुद्धा नव्हता आणि चौऱ्याऐंशी वर्षांचा म्हातारा केलाय त्याने. पण मी बघत होते ताकामिनेकडे. मी घरात हे केलंय, माझ्या सासऱ्यांचं. रात्री उठून दार उघडतात, बाहेर जातात, आपण मागे धावायचं. त्या कामात प्रेम, चीड, दया सगळं एकाच तासात येऊन जातं आणि कुणाला सांगता येत नाही कारण सांगितलं की आपण वाईट ठरतो. तिने ते चीड येण्याचं लपवलेलं नाही आणि त्याचं भांडवलही केलेलं नाही. अंगावर ओलं कपडं घेऊन नुसती उभी राहते तेव्हा मला वाटलं कुणीतरी बघितलंय आपल्याला. १९७३ मधे जपानने असा सिनेमा काढला आणि लोकांनी तो बघितला, यावर खरं तर वेगळा धागा होईल.

ओवी

रेवाक्का, काय लिहिलंयस. हा सिनेमा मी अजून पाहिलेला नाही, आता आधी तोच.

खारीकच्या प्रश्नाचंही उत्तर यात आहे असं वाटतं. नायिकेने जिंकायचं की हरायचं याची काळजी तिने केलीच नाही, वय वाढलं तशी पुढची कामं घेत गेली. कंडक्टर, मास्तरीण, विधवा, सासू, सून.

खारीक

जिन्याचा सिनेमा काल रात्री बघितला. ते तिचाकी सायकलवालं प्रकरण... बोलती बंद. शेवटी स्टेशनवर त्या बँकवाल्याला निरोप द्यायला जाते, तो बायकामुलांसकट असतो, आणि ही त्याने दिलेले शेअर्स त्याच्या बायकोच्या देखत अदबीने परत करते, ते तर फारच भारी. सोसते वगैरे म्हणणं इथे लागू नाही हे मान्य. उकिगुमोबद्दलचं मत मात्र कायम!

तोक्योकर

खारीक, :)

लेखनाबद्दल कुणीच लिहिलं नाही म्हणून. 'वाताशि नो तोसेइ निक्की' हे तिचं आत्मचरित्र आधी साप्ताहिकात क्रमशः आलं आणि १९७६ मधे पुस्तक झालं, जपानच्या निबंधकारांच्या संघटनेचं पारितोषिक त्याला मिळालं. नाव बदलून घ्यावं लागेल अशा भानगडी ती नावानिशी लिहिते, स्वतःच्या घरच्यांबद्दल तर फारच कठोर. वाक्यं छोटी, सुभाषितं नाहीत. आज इथल्या कुठल्याही पुस्तकाच्या दुकानात तिची खिशात मावणारी पुस्तकं मिळतात, आणि ती घेणाऱ्या तरुण मुलींपैकी अनेकींनी तिचा एकही सिनेमा पाहिलेला नसतो. त्यांच्यासाठी ती लेखिकाच.

नारुसेबद्दलही तिने छान लिहिलंय. सेटवर जवळजवळ बोलायचाच नाही, चांगलं झालं की वाईट काही कळायचं नाही, आणि पटकथेतले संवाद मात्र खोडत सुटायचा. शेवटच्या आजारात ती भेटायला गेली तेव्हा त्याने आधीच्याच एका कल्पनेची आठवण काढली, सेट नाही, रंग नाही, मागे फक्त पांढरा पडदा आणि समोर ताकामिने, असा एक सिनेमा करू. १९६९ मधे तो गेला.

गोदाकाठ

आणि शेवटचा सिनेमा कुठला?

ओवी

१९७९, 'शोदो सात्सुजिन: मुसुको यो', दिग्दर्शक पुन्हा किनोशिता. रस्त्यात विनाकारण खून झालेल्या मुलाचे आईबाप, बाप वाकायामा तोमिसाबुरो आणि आई ही. गुन्ह्यात बळी पडलेल्यांच्या घरच्यांना सरकारने भरपाई द्यावी म्हणून तो बाप देशभर माणसं गोळा करत फिरतो. गोष्ट खरी आहे, आणि तसा कायदा जपानमधे १९८० मधे झाला. सिनेमा म्हणून मला तो थोडा प्रचारकी वाटला, पण मुलाची बातमी आल्यावर ती जशी उठते आणि परत बसते ते मात्र पक्कं ताकामिने आहे.

त्यानंतर जाहीर करून निवृत्ती आणि शब्द पाळला. पुढची तीस वर्षं लिहीत राहिली, नवऱ्याबरोबर राहिली, म्हातारपणी मोठं घर पाडून मुद्दाम छोटं बांधून घेतलं. २८ डिसेंबर २०१० ला गेली, शहाऐंशी वर्षांची होती.

विन्या

मिदारेरु बघितला. सांजवात, मला सुटका नाही दिसली. मला वाटलं तिला अजून कळलेलंच नाहीये काय झालंय ते, पाय थांबले पण मन अजून धावतंय. दोनदा बघितला तो शेवट.

आता पुढचा कुठला? हलकाफुलका सांगा प्लीज.

सांजवात

विन्या, असंही असू शकेल. मी परत बघेन आता त्या नजरेने.

हलका हवा तर 'हिदेको नो शाशो-सान', तासाभराचाच आहे. यामानाशीच्या खेड्यातली खटारा बस, गिऱ्हाईक नाही, म्हणून कंडक्टर मुलगी ठरवते की प्रवाशांना वाटेतल्या प्रेक्षणीय स्थळांची माहिती सांगायची, आणि तोक्योहून आलेल्या एका लेखकाकडून ती लिहून घेते. इबुसे मासुजीच्या गोष्टीवर आहे. शेवटी मालकाने कंपनी विकून टाकलीये हे हिला आणि ड्रायव्हरला माहीतच नसतं आणि ती मस्त खणखणीत आवाजात माहिती सांगत चाललेली असते. १९४१ सालचा सिनेमा आहे हे लक्षात ठेवून बघ.

रेवाक्का

'नागारेरु'मधल्या मोलकरणीचं नाव वर आलंय त्या तानाका किनुयोवर कुणी लिहिणार आहे का? तिने तर १९५३ ते ६२ मधे सहा सिनेमे स्वतः दिग्दर्शित केले. नसेल लिहीत कुणी तर मी घेते, त्यातले चार बघून झालेत.

ओवी

रेवाक्का, लिही. वेगळा धागा काढ आणि इथे लिंक दे.